अमेरिका-युरोप युती संपली का? आधी प्रश्न नीट मांडू

तुमचा प्रश्न असा आहे: तुम्ही पुण्यात राज्यशास्त्राचं एम.ए. करताय आणि प्रबंधासाठी अमेरिका-युरोप संबंध हा विषय घेतलाय. मार्गदर्शकांचं म्हणणं, अशी भांडणं १९५६ च्या सुएझ संघर्षापासून चालत आली आहेत, हेही निवळेल. तुम्हाला मात्र २०२५ मधलं अमेरिकेचे उपराष्ट्राध्यक्ष व्हान्स यांचं म्युनिकचं भाषण, ट्रम्प यांची आयातशुल्कं आणि डेन्मार्कच्या अखत्यारीतल्या ग्रीनलंडवरचा त्यांचा दावा बघून युती संपल्यातच जमा आहे असं वाटतं. दोघांपैकी बरोबर कोण, आणि हे सगळं एकट्या ट्रम्प यांच्यामुळे झालं का?

मी बरीच वर्षं जर्मनीत आंतरराष्ट्रीय राजकारण शिकवते, नाटो, म्हणजे अमेरिका, कॅनडा आणि युरोपीय देशांची लष्करी युती, हा माझ्या अभ्यासाचा मुख्य विषय आहे. तुमच्या मार्गदर्शकांनी दिलेले इतिहासाचे दाखले बरोबर आहेत, पण त्यावरून काढलेला निष्कर्ष मला पटत नाही. भांडणं किती झाली हे मोजून युतीची प्रकृती कळत नाही. भांडणात पणाला काय लागलं होतं, हे बघावं लागतं. पूर्वीच्या जवळजवळ प्रत्येक वादात युरोपच्या संरक्षणाची हमी वादाबाहेर ठेवलेली होती. आता ती हमीच वाटाघाटीच्या टेबलावर आली आहे. माझ्या मते खरा बदल हा आहे, आणि तो होऊ देण्यात युरोपचा स्वतःचा वाटा मोठा आहे.

यातलं बरंच परिस्थितीवर अवलंबून आहे, हेही आधीच सांगते. ‘युरोप’ म्हणून एकच मत नसतं. एस्टोनियात बसून दिसणारं जग आणि लिस्बनमध्ये बसून दिसणारं जग वेगळं असतं. युक्रेनचं युद्ध कोणत्या अटींवर थांबतं यावरही पुढचं बरंच ठरेल. म्हणून मी भाकीत करणार नाही, मी हा विषय कसा वाचते ते सांगते.

सुरुवात कराराच्या मजकुरापासून करा. वर्गात मी पहिल्याच तासाला नाटोची स्थापना करणारा ४ एप्रिल १९४९ चा वॉशिंग्टन करार वाटते. फक्त चौदा कलमांचा आहे, वीस मिनिटांत वाचून होतो. कलम ५ वाचल्यावर बहुतेक विद्यार्थी चकित होतात. एकावरचा सशस्त्र हल्ला हा सर्वांवरचा हल्ला मानला जाईल, हे वाक्य सगळ्यांना ऐकून ठाऊक असतं. पण त्यापुढे लिहिलंय की प्रत्येक देश स्वतःला ‘आवश्यक वाटेल’ ती कृती करेल, त्यात सशस्त्र बळाचा वापरही आला. म्हणजे सैन्य पाठवायचं बंधन कुणावर नाही. अमेरिकेच्या सिनेटला आपोआप युद्धात ओढलं जाणं मान्य नव्हतं, म्हणून शब्दयोजना अशी झाली.

मग हमी होती कुठे? ती जमिनीवर होती. जर्मनीत तळ ठोकून असलेल्या अमेरिकी सैन्यात होती, इटली, बेल्जियम, नेदरलँड्समधल्या तळांवर ठेवलेल्या अण्वस्त्रांत होती, आणि आयझेनहॉवर यांच्यापासून आजवर नाटोचा युरोपातला सर्वोच्च सेनापती अमेरिकीच असतो, या प्रथेत होती. हल्ला झाला तर पहिल्या दिवशी अमेरिकी सैनिकही मरतील, मग वॉशिंग्टनला अंग काढून घेता येणार नाही, हा त्यामागचा हिशेब. जर्मनीतल्या कैझर्सलाउटर्नला कधी आलात तर हे डोळ्यांनी दिसेल. शेजारी रामश्टाइनचा हवाई तळ, जवळच लांटश्टूलचं मोठं लष्करी रुग्णालय, आणि सैनिक व त्यांची कुटुंबं धरून आसपास सुमारे पन्नास हजार अमेरिकी लोक. घरभाडी, गॅरेजं, खानावळी, सगळ्यांचं पोट बऱ्याच अंशी त्यांच्यावर चालतं. २००३ मध्ये जर्मनीच्या श्रोडर सरकारनं इराक युद्धाला उघड विरोध केला, आणि त्याच युद्धातले जखमी सैनिक याच लांटश्टूलमध्ये आणले जात होते. तळ वापरायला जर्मनीनं बंदी घातली नाही. वर भांडण आणि खाली सहकार्य, अशी या नात्याची जुनी रीत होती.

आता ‘समान मूल्यां’कडे येते, कारण तुमच्या वाचनात हा शब्द पानोपानी येईल. त्याला अगदीच अर्थ नाही असं मी म्हणत नाही. पण त्यानं सगळं स्पष्ट होतं असं मानलंत तर प्रबंध फसेल. आपल्याकडच्या वाचकासाठी याचं सर्वांत जवळचं उदाहरण गोवा आहे. नाटोच्या बारा संस्थापक देशांत सालाझार यांच्या हुकूमशाहीखालचा पोर्तुगाल होता. का? कारण अझोर्स बेटं पोर्तुगालची होती, आणि अमेरिकेहून युरोपकडे जाणाऱ्या विमानांना तिथल्या लाझेस तळाची गरज होती. १५ ऑगस्ट १९५५ ला गोव्याच्या सीमेवर निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या. त्यानंतर चारच महिन्यांत, डिसेंबर १९५५ मध्ये, अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी पोर्तुगालचे परराष्ट्रमंत्री कुन्या यांच्यासह निवेदन काढलं आणि त्यात गोव्याचा समावेश पोर्तुगालच्या ‘प्रांतां’त केला. भारतात संतापाची लाट उसळली ती यामुळे.

पण गंमत पुढे आहे. डिसेंबर १९६१ मध्ये भारतीय सैन्य गोव्यात शिरलं तेव्हा नाटो आलं नाही. येऊ शकतही नव्हतं, कारण कराराच्या कलम ६ नं हमीची भौगोलिक हद्द आखून दिली आहे आणि गोवा त्या हद्दीच्या पार बाहेर होता. अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्ताननं सुरक्षा परिषदेत भारताविरुद्ध ठराव आणला, सात विरुद्ध चार मतं पडली आणि सोव्हिएत नकाराधिकारानं तो अडला. पोर्तुगालला मिळालं ते एवढंच. याच वर्षाच्या मार्चमध्ये केनेडी प्रशासनानं अंगोला या पोर्तुगीज वसाहतीच्या प्रश्नावर संयुक्त राष्ट्रांत पोर्तुगालविरुद्ध मत दिलं होतं. पण अझोर्सच्या तळाचा करार १९६२ अखेर संपत होता, आणि मुदत जवळ आली तसा वॉशिंग्टनचा सूर मवाळ होत गेला. ऑक्टोबर १९७३ च्या अरब-इस्रायल युद्धात युरोपातल्या बाकी मित्रांनी तळ द्यायला नकार दिला, तेव्हा इस्रायलला शस्त्रं नेणारी अमेरिकी विमानं लाझेसवरच उतरली. हुकूमशाही तोवर शाबूत होती. ती कोसळली एप्रिल १९७४ मध्ये, आणि ती पाडली पोर्तुगालच्याच लष्करी अधिकाऱ्यांनी.

एवढं सविस्तर सांगण्याचं कारण असं. या युतीचा पाया देवघेव हाच होता: अमेरिका संरक्षण देणार, बदल्यात तिला तळ, अग्रमान आणि मोठ्या निर्णयांत शेवटचा शब्द मिळणार. ही देवघेव दोन्ही बाजूंना अनेक दशकं फायद्याची ठरली. म्हणून आज ‘ट्रम्प यांनी मूल्यांच्या नात्याचा व्यवहार करून टाकला’ हे वाक्य मला अपुरं वाटतं. व्यवहार होताच. त्याची किंमत आणि वसुलीची पद्धत बदलली आहे.

आता तुमच्या मार्गदर्शकांच्या सुएझकडे वळू. १९५६ मध्ये ब्रिटन आणि फ्रान्सनं इस्रायलशी संगनमत करून इजिप्तवर हल्ला केला. तोवर अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झालेले आयझेनहॉवर भडकले. पौंड घसरत होता, आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडून ब्रिटनला मदत मिळू नये याची अमेरिकेनं व्यवस्था केली, आणि ब्रिटनचे पंतप्रधान ईडन यांच्या सरकारला काही दिवसांतच युद्धविराम स्वीकारावा लागला. मित्राचं नाक इतक्या उघडपणे दाबल्याचं दुसरं उदाहरण त्या काळात नाही. पण त्याच दिवसांत सोव्हिएत पंतप्रधान बुल्गानिन यांनी लंडन आणि पॅरिसला क्षेपणास्त्रांची गर्भित धमकी दिली, तेव्हा पश्चिम युरोपवर हल्ला झाला तर अमेरिका उभी राहील याबद्दल आयझेनहॉवर यांनी संदिग्धता ठेवली नाही. पौंड बुडू द्यायची तयारी होती, लंडनची सुरक्षा सौद्यात घ्यायची नव्हती. तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर इथे आहे.

सुएझनंतर दोन राजधान्यांनी दोन उलटे धडे घेतले. लंडननं ठरवलं की वॉशिंग्टनपासून पुन्हा दूर जायचं नाही. पॅरिसनं ठरवलं की दुसऱ्याच्या भरवशावर राहायचं नाही. १९६० मध्ये सहारात फ्रेंच अणुचाचणी झाली, १९६६ मध्ये राष्ट्राध्यक्ष द गॉल यांनी फ्रान्सला नाटोच्या एकात्मिक लष्करी रचनेतून बाहेर काढलं, आणि नाटोचं मुख्यालय पॅरिसहून ब्रसेल्सला हलवावं लागलं. तरीही फ्रान्स करारात राहिला आणि अमेरिकेनं हमी मागे घेतली नाही. १९८२ मध्ये सैबेरियातून युरोपला सोव्हिएत वायू आणणाऱ्या वाहिनीवरून राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी युरोपीय कंपन्यांवर निर्बंध लादले, खुद्द ब्रिटनच्या पंतप्रधान थॅचर विरोधात गेल्या आणि काही महिन्यांत ते मागे घ्यावे लागले. २००३ चं वर सांगितलंच. या सगळ्यांत नमुना एकच: भांडण व्यापाराचं किंवा तिसऱ्याच प्रदेशाचं, आणि हमी बाजूला सुरक्षित.

हा नमुना २०२५ मध्ये मोडला. २८ फेब्रुवारीला व्हाइट हाउसमध्ये ट्रम्प यांची युक्रेनचे राष्ट्राध्यक्ष झेलेन्स्की यांच्याशी जाहीर खडाजंगी झाली, आणि मार्चच्या सुरुवातीला अमेरिकेनं युक्रेनची लष्करी मदत व गुप्तवार्ता काही दिवस थांबवली. त्या थोड्या दिवसांत युरोपला कळलं की उपग्रहांवरून मिळणारी माहिती, लांबून येणाऱ्या क्षेपणास्त्रांची पूर्वसूचना, पॅट्रियट या हवाई संरक्षण यंत्रणेची क्षेपणास्त्रं, यांना त्यांच्याकडे पुरेसा पर्याय नाही. एप्रिलमध्ये आयातशुल्कं आली. २७ जुलैला स्कॉटलंडमधल्या टर्नबेरीत युरोपीय आयोगाच्या अध्यक्षा फॉन डर लायन यांनी बहुतेक युरोपीय मालावर १५ टक्के शुल्क मान्य केलं, शिवाय ७५० अब्ज डॉलरची ऊर्जाखरेदी आणि ६०० अब्जांच्या गुंतवणुकीची आश्वासनं दिली.

हा सौदा नीट बघा. युरोपीय संघ म्हणजे सुमारे ४५ कोटींची बाजारपेठ. व्यापाराचे अधिकार पूर्णपणे संघाच्या ब्रसेल्समधल्या यंत्रणेच्या हातात. आर्थिक दबावाला उत्तर द्यायला खास कायदा २०२३ अखेर लागू झालेला. आकडेही फार वाईट नव्हते: २०२४ मध्ये मालाच्या व्यापारात संघाचं आधिक्य सुमारे २०० अब्ज युरो होतं, पण सेवांमध्ये जवळपास १५० अब्जांची तूट होती, म्हणजे अमेरिकेच्या संगणक आणि वित्त कंपन्या युरोपात भरपूर कमावत होत्या. उलट दाबायला जागा होती. तरी दाबलं नाही. संघाचे व्यापार आयुक्त शेफचोविच यांनी लगेच सांगितलं की हा विषय केवळ व्यापाराचा नाही, सुरक्षेचा आणि युक्रेनचाही आहे. व्यापारात तुल्यबळ असलेला पक्ष संरक्षणातल्या मिंधेपणामुळे झुकला, आणि हे त्याच्याच अधिकाऱ्यानं कबूल केलं. सुएझच्या वेळी हे दोन हिशेब वेगळे होते.

ग्रीनलंडकडेही याच नजरेनं बघा. १९५१ च्या संरक्षण करारानं अमेरिकेला तिथे तळ ठेवायचे भरपूर अधिकार आधीच दिले आहेत, पिटुफिकचा तळ आजही चालू आहे. लष्करी गरज भागवायला बेट ताब्यात असण्याची आवश्यकता नाही. अफगाणिस्तानात डेन्मार्कचे चाळीसहून अधिक सैनिक मारले गेले. एवढ्याशा लोकसंख्येच्या देशाला ही फार मोठी किंमत. ज्या एकमेव प्रसंगी कलम ५ लागू झालं, तो अमेरिकेवरचा २००१ चा हल्ला होता, हे विसरू नका. अशा मित्राच्या भूमीवर हक्क सांगणं याला ‘जुन्याच भांडणांतलं आणखी एक’ म्हणणं मला अजिबात मान्य नाही.

मग हे सगळं ट्रम्प यांचंच काम का? दिशा जुनी आहे. युरोपातलं अमेरिकी सैन्य निम्मं करावं असा प्रस्ताव सिनेटर मॅन्सफिल्ड यांनी १९७१ मध्ये मांडला होता, तो ६१ विरुद्ध ३६ मतांनी पडला. जून २०११ मध्ये अमेरिकेचे संरक्षणमंत्री गेट्स यांनी ब्रसेल्समध्ये बजावलं की युरोपचा भार उचलायची इच्छा अमेरिकेच्या पुढच्या पिढीत राहणार नाही. बायडेन यांच्या काळात भाषा गोड होती, पण ऑस्ट्रेलिया, ब्रिटन आणि अमेरिका यांच्या ऑकस करारापायी फ्रान्सचा ऑस्ट्रेलियाशी ठरलेला पाणबुड्यांचा सौदा बुडाला आणि फ्रान्सनं वॉशिंग्टनहून राजदूत परत बोलावला. चीन हे अमेरिकेचं पहिलं लक्ष्य झालं आहे आणि तिथे दोन्ही पक्षांत फारसा फरक नाही. ट्रम्प यांनी नवं केलं ते एवढंच: हमी मोकळेपणानं तारण म्हणून वापरली. आणि एकदा वापरता येते हे दिसलं की पुढच्या राष्ट्राध्यक्षालाही तो मोह होणार.

इथवरचं थोडक्यात: करारानं हमी अर्धवटच दिली होती, उरलेली सैन्यानं आणि सवयीनं भरून काढली, भांडणं नेहमीच झाली, पण हमी त्याबाहेर राहिली, २०२५ पासून ती त्यात ओढली गेली.

आता युरोपच्या वाट्याकडे येते, कारण इथल्या वर्तमानपत्रांत त्याबद्दल हात आखडता घेऊन लिहिलं जातं. अमेरिकेवरचं अवलंबित्व युरोपवर कुणी लादलं नाही. स्वस्त पडत होतं म्हणून त्यानं ते निवडलं. दोन प्रकरणं शेजारी ठेवून बघा. २०१४ मध्ये अमेरिकी निर्बंध मोडल्याबद्दल फ्रान्सच्या बीएनपी पारिबा बँकेनं अमेरिकेला सुमारे ८.९ अब्ज डॉलर दंड भरला. व्यवहार युरोपीय बँकेचे, पण डॉलरमधले, म्हणून कायदा अमेरिकेचा. २०१८ मध्ये ट्रम्प इराण अणुकरारातून बाहेर पडले तेव्हा युरोपनं डॉलर टाळायला ‘इन्स्टेक्स’ नावाची यंत्रणा उभारली. मार्च २०२० मध्ये तिच्यातून औषधांचा एक व्यवहार झाला, पुढे काही नाही, आणि २०२३ मध्ये ती बंद झाली. कागदावर कार्यालय होतं, पण अमेरिकी बाजार गमावायची जोखीम कुठलीही मोठी बँक किंवा कंपनी घ्यायला तयार नव्हती. भारतानंही याच भीतीनं २०१९ मध्ये इराणचं तेल घेणं थांबवलं, तेव्हा हे दुखणं आपल्याला परकं नाही.

दुसरं प्रकरण गॅलिलिओचं, म्हणजे युरोपच्या स्वतःच्या दिशादर्शक उपग्रहांचं. जीपीएस फुकट उपलब्ध असताना वेगळी यंत्रणा कशाला, असं अमेरिकेचं म्हणणं होतं. डिसेंबर २००१ मध्ये अमेरिकेचे उपसंरक्षणमंत्री वोल्फोवित्झ यांनी युरोपच्या संरक्षणमंत्र्यांना विरोधाचं पत्रही धाडलं. युरोप हटला नाही. २००४ मध्ये तरंगलहरींबाबत तडजोड झाली, बराच उशीर आणि खर्च झाला, पण २०१६ च्या डिसेंबरात सेवा सुरू झाली. आज तुमच्या हातातला फोनही बहुधा तिचे संकेत वापरत असेल. एका बाजूला नुसती घोषणा, दुसऱ्या बाजूला पंधरा-वीस वर्षांचा पैसा आणि चिकाटी. ‘सामरिक स्वायत्तता’, म्हणजे संरक्षणात युरोपनं स्वतःच्या पायावर उभं राहणं, या विषयावर मी वाचलेल्या बहुतांश लेखांपेक्षा या दोन फायली जास्त शिकवतात.

आताचा प्रश्नही तसाच आहे. जून २०२५ मध्ये हेगला नाटो देशांनी २०३५ पर्यंत जीडीपीच्या ५ टक्के खर्चाचं वचन दिलं: साडेतीन टक्के थेट संरक्षणावर, दीड टक्का संबंधित कामांवर. पण त्या पैशातून एफ-३५ ही अमेरिकी लढाऊ विमानं आणि पॅट्रियट विकत घेतले की सुटे भाग, सॉफ्टवेअर आणि दुरुस्तीसाठी पुढची तीस वर्षं वॉशिंग्टनचीच मनधरणी करावी लागते. अवलंबित्व कमी करायला काढलेला पैसा ते वाढवण्यात जाऊ शकतो. तरीही मी सरसकट दोष देणार नाही. कीव्हवर क्षेपणास्त्रं आज पडत आहेत, आणि युरोपीय कारखान्यांतून तेवढ्या संख्येनं पर्याय आज निघत नाही. पोलंडच्या संरक्षणमंत्र्याला दहा वर्षं थांबा असं सांगता येत नाही.

‘संपली का’ याचं सरळ उत्तर हवं असेल तर: संस्था म्हणून नाटो इतक्यात संपणार नाही. डिसेंबर २०२३ च्या अमेरिकी कायद्यानुसार सिनेटच्या दोन तृतीयांश मतांशिवाय किंवा संसदेच्या कायद्याशिवाय राष्ट्राध्यक्षाला नाटोतून बाहेर पडता येत नाही. ती तरतूद पुढे नेणाऱ्यांत खुद्द रुबिओ होते, जे आता परराष्ट्रमंत्री आहेत. पण बाहेर न पडताही हमी पोकळ करता येते. सैन्य कुठे ठेवायचं, माहिती कुणाला द्यायची, संकटात काय बोलायचं, हे राष्ट्राध्यक्षाच्या हातात असतं, आणि कलम ५ मधलं ‘आवश्यक वाटेल ती कृती’ हे शब्द त्याला पुरेशी मोकळीक देतात.

प्रबंधासाठी माझा सल्ला: पूर्ण संबंध हा विषय घेऊ नका, पसरट होईल. एक प्रकरण घ्या. गोवा आणि अझोर्स घेतलंत तर अमेरिकी परराष्ट्र खात्याची त्या काळातली कागदपत्रं मोफत वाचता येतात, भारतीय संसदेतल्या चर्चा उपलब्ध आहेत, मराठीत सत्याग्रहींच्या आठवणी आहेत, आणि हे सगळं एकत्र वाचलेलं काम मला तरी फार दिसलं नाही. आजचाच विषय हवा असेल तर भाषणं बाजूला ठेवा आणि जर्मनीची लिथुआनियातली ब्रिगेड धरा. सुमारे पाच हजार माणसं, २०२७ पर्यंत पूर्ण सज्ज करायचं उद्दिष्ट, दुसऱ्या महायुद्धानंतर जर्मनीनं परदेशात कायमची ठेवलेली पहिलीच अशी तुकडी. जे काम कैझर्सलाउटर्नमध्ये अमेरिकी सैनिकांनी केलं, ते लिथुआनियात जर्मन सैनिक करू शकतील का, हा तिथला प्रश्न आहे. त्यासाठी सैनिक स्वखुशीनं पुढे येतात का, त्यांच्या कुटुंबांसाठी शाळा आणि घरं वेळेत उभी राहतात का, आणि तुकडीचा दारूगोळा, हवाई संरक्षण व टेहळणी यांतलं किती अमेरिकेशिवाय चालेल, हे तपासा. जर्मन संसदेतली प्रश्नोत्तरं आणि लिथुआनियन सरकारची निवेदनं यांतून यातलं बरंच काही हाती लागेल.